तीन हाका

"मुलगा का तुमचा?" त्या परक्या व्यापाऱ्यानं विचारलं, आणि थेआनो "हो" म्हणून गेली. ती तेव्हा मीकोनची हनुवटी पुसत होती. डावा हात त्याच्या मानेमागे, उजव्या हातात राखेच्या पाण्यात बुडवलेला स्पंज. दगडाच्या मानेला आधार द्यायची काही गरज नव्हती, पण लहान मुलाचं तोंड धुताना हात आपोआप जसा मागे जातो तसा तो गेला होता, आणि त्या माणसानं नेमकं तेच पाहिलं असणार. तो सामोसचा होता. वारा पडल्यामुळे त्याचं गलबत बंदरात अडकलं होतं, आणि वारा पडला की अडकलेली माणसं जसं करतात तसा तोही चढण चढून राजाचं दालन बघायला आला होता. त्यानं मीकोनच्या पुढे केलेल्या रिकाम्या हातांकडे बघितलं, मग थेआनोच्या पांढऱ्या होत चाललेल्या केसांकडे. "वाईट संगत," तो हळहळून म्हणाला. "राजाच्या नादी लागला असेल. तरुण पोरं, दुसरं काय." तिनं स्पंज पिळला. तो पुढच्या पुतळ्याकडे गेला. ते पुतळे नव्हते, पण बाहेरचे लोक त्यांना पुतळेच म्हणत. मीकोनच्या कानामागे दगडफुलाचा एक राखाडी ठिपका होता. चार वर्षांपूर्वी तो मसुरीएवढा होता. दर महिन्याच्या पहिल्या दिवशी थेआनो त्याला जवाचा दाणा लावून मोजायची. वर्षाला अर्ध्या दाण्याहून जास्त तो वाढत नसे. आज दाणा लावायचं तिच्या लक्षातच राहिलं नाही. बादली उचलून ती बाहेर आली. ऊन पायऱ्यांवर पांढरंशुभ्र पडलं होतं, आणि तोंडात ते "हो" अजून तसंच होतं, न गिळलेल्या घासासारखं.

उतरताना तिनं हिशोब केला. तो चोवीस वर्षांचा. ती तेव्हा बावीसची होती, आता एकोणचाळीस. म्हणजे मधे कधीतरी, दोन वर्षं सरल्यावर, एक दिवस असा येऊन गेला होता की दोघं अगदी एका वयाची होती. तो दिवस तिला कळलाही नव्हता. त्यानंतर ती एकटीच पुढे चालत राहिली. आता त्याच्या गालावर ती जे बघते ते तारुण्य असतं, आणि ते बघताना तिच्या पोटात जे हलतं ते बायकोचं उरलेलं नाही. कधीपासून नाही, हे तिला सांगता आलं नसतं. दगडफूल मोजता येतं, हे येत नव्हतं. गल्लीत कुणीतरी मासळी वाळत घातली होती. शेजारीण उंबऱ्यात लोकर पिंजत होती. ती म्हणाली, "झाली का गं अंघोळ नवऱ्याची?" थेआनो "झाली" म्हणाली. सतरा वर्षं हा प्रश्न आणि हे उत्तर. पहिल्या वर्षी दोघींना रडू यायचं, मग हसू यायला लागलं, आणि आता काहीच येत नव्हतं.

मीकोन दगड झाला त्या दिवसाची आठवण तिच्याकडे अशी वेगळी ठेवलेली नव्हती. ती इतकी हाताळून झाली होती की तिचे कंगोरे झिजले होते. दनाईचा मुलगा परत आला होता. बेटावर त्याला कुणी नावानं क्वचितच हाक मारी. पर्सिअस हे नाव पुढे गाण्यात आलं. इथे तो दनाईचा मुलगा होता, लाकडी पेटीतून आईबरोबर वाहत आलेला, म्हाताऱ्या कोळ्याच्या घरी वाढलेला, जाळी दुरुस्त करताना खाली मान घालून बसणारा. राजाला त्याची आई हवी होती, म्हणून राजानं त्याला साप-केसांच्या त्या बाईचं मुंडकं आणायला धाडलं, जिच्या नजरेला नजर दिली की माणसाचा दगड होतो. तो मरून जाईल असं सगळ्यांनी धरलं होतं. त्या दुपारी राजवाड्यात जेवणावळ होती, आणि तो पिशवी घेऊन आत शिरला. आत असलेल्यांपैकी खांबाआड बसलेली एक पावा वाजवणारी मुलगी तेवढी वाचली, तिनं नंतर सगळ्यांना सांगितलं: तो उंबऱ्याशी उभा राहिला, ओरडला, "जे माझे आहेत त्यांनी डोळे मिटा!" आणि स्वतः भिंतीकडे तोंड करून त्यानं पिशवीतलं ते वर धरलं. भिंतीकडे तोंड करून. म्हणजे त्यानं कुणालाच पाहिलं नाही. राजाला नाही, त्याच्या लोकांना नाही, स्वयंपाकघराच्या दारातून नुकत्याच बाहेर आलेल्या मीकोनला नाही. मीकोननं डोळे का मिटले नाहीत, यावर थेआनोनं सुरुवातीची तीन वर्षं घालवली होती. लहानपणी ते दोघं एकाच होडीत बसून खेकडे धरत. आपण त्याचे, हे मीकोनच्या मनात नक्कीच आलं असतं. मग एकदा, ती चुलीशी असताना, मागून कुणीतरी "बघू नकोस, ठिणगी उडेल" असं ओरडलं आणि ती तत्काळ वळून बघायला लागली. तेव्हा तिला कळलं. डोळे मिट म्हटल्यावर माणूस आधी बघतो, कोण बोलतंय ते. एवढंच होतं. ते कळल्यावर थोडं बरं वाटेल असं तिला वाटलं होतं.

तिला त्या मुलाचा राग यायचा तो कधी यायचा बंद झाला, हेही तिला आठवत नव्हतं. चौथ्या दिवशी तो आईला आणि वाटेत केलेल्या नव्या बायकोला घेऊन गलबतावर चढला. राज्य म्हाताऱ्या कोळ्याला दिलं, आणि चांगलंच केलं. म्हातारा भला माणूस होता. बेटावरचं ओझं उतरलं होतं. लोक रडत होते ते आनंदानं, आणि दालनात ज्यांची माणसं होती त्यांनी घरात बसून रडावं हे कुणी न सांगता ठरलं. तो मुलगा आता तिकडे मोठ्या भूमीवर राजा आहे म्हणे, त्याला मुलं आहेत, तो जाड झाला आहे. ज्यानं राक्षसीण मारली त्यानं पुढे रोज सकाळी उठून काय करायचं, असं तिच्या मनात कधी कधी येई. त्यालाही पाठ दुखत असेल. त्याला मीकोन आठवत असेल का, हा प्रश्न मात्र तिनं सोडून दिला होता. त्याला मीकोन तिथे होता हेच माहीत नव्हतं.

मीकोन तिथे होता कारण तिनं त्याला पाठवलं होतं. हेसुद्धा तिनं कुणाला सांगितलं नव्हतं असं नाही. पाठवलं हे सगळ्यांना माहीत होतं. कशाला, ते कुणी विचारलं नव्हतं. जेवणावळीसाठी राजवाड्याच्या आचाऱ्यांनी दहा दिवस आधी गल्लीतली मोठी भांडी मागून नेली होती, त्यात तिचं काशाचं घंगाळ गेलं होतं. पोर सहा महिन्यांची. "उद्या आणतो," मीकोन म्हणाला होता. "आज तिथं ही गर्दी असेल."

"उद्या उद्या करत महिना होईल. पोरीला अंघोळ काय माझ्या ओंजळीत घालू?"

"राजा जेवतोय, आणि मी मधे जाऊन म्हणू, महाराज, आमचं घंगाळ?"

"राजाला कशाला म्हणतोस? आचाऱ्याला म्हण."

"राजापेक्षा तुझंच भ्या जास्त," असं म्हणून तो वहाणा न घालताच गेला. तिसऱ्या दिवशी बायकांना दालनात जाऊ दिलं तेव्हा तो असा सापडला: घंगाळ पोटाशी धरलेलं, दोन्ही हातांची कव त्याच्याभोवती, मान किंचित वर. तो पूर्ण दगड होता, नेसूचं वस्त्रही दगड, घंगाळ तेवढं काशाचं राहिलं होतं. आजूबाजूला बायका ऊर बडवत होत्या, कुणाचं तिच्याकडे लक्ष नव्हतं. थेआनोनं काय केलं? तिनं घंगाळ दोन्ही कडांनी धरलं, थोडं तिरकं केलं, आणि त्याच्या हातांतून वर ओढून काढलं. घरी पोर तीन दिवस पारोशी होती. एवढाच विचार तिच्या डोक्यात होता, आणि तो विचार इतका स्पष्ट, इतका कोरडा होता की पुढे कित्येक वर्षं तिला त्याची भीती वाटत राहिली. ते घंगाळ तिनं अकरा वर्षं वापरलं. मग त्याचं बूड गेलं आणि तिनं ते कासाराला दिलं. त्यानं त्याच्यातून शेळ्यांच्या गळ्यातल्या घंटा केल्या. त्या आता डोंगरभर कुठे कुठे वाजत असतील.

घंगाळ काढलं आणि हात राहिले. पुढे केलेले, रिकामे, बोटं वळलेली. गाणं रचणारे आले तेव्हा त्यांनी दालनात फिरून प्रत्येकाला एकेक कडवं दिलं. राजाच्या हातात पेला होता, म्हणून तो दारूडा. वरच्या आळीतल्या पॉलिक्सोचा मुलगा राजामागे वाकून उभा होता, म्हणून तो कान भरणारा. आणि दारातला हा तरुण, हात पसरून झेपावणारा, हा दनाईला पळवून न्यायला निघालेला राजाचा कुत्रा. थेआनो ते पहिल्यांदा ऐकत होती तेव्हा गायकासमोर चार पावलांवर उभी होती. तिला फक्त एवढं म्हणायचं होतं, की अहो, त्यांच्या हातात भांडं होतं. मग लोक म्हणाले असते, कुठे आहे? गाणं चांगलं होतं, चाल सोपी होती, वर्षभरात बेटावरच्या सगळ्यांना पाठ झालं. तिची मुलगी अँथी नऊ वर्षांची असताना अंगणात विहिरीची दोरी ओढत ते गात होती, आणि कुत्र्याच्या कडव्याला आली तेव्हा क्षणभर थांबली, आईकडे बघितलं, आणि पुढचं कडवं म्हणायला लागली. तेव्हापासून ती ते कडवं गाळूनच म्हणायची. मायलेकींत त्याबद्दल एक शब्द झाला नाही.

आता अँथीला सिफ्नोस बेटाहून मागणी आली होती. मुलगा तिला आवडला होता. हे ती बोलली नव्हती, पण हल्ली ती भाकरी थापताना गुणगुणायची. मुलाच्या आईचा निरोप असा आला: मुलगी सोन्यासारखी आहे, पण तिला आमच्या हाती देणार कोण? बाप जिवंत असेल तर त्यानं द्यावी. मेला असेल तर काकानं द्यावी. जो ना मेला ना जिवंत, त्याच्या घरात आम्ही सोयरीक कशी करायची? निरोपात अपमान नव्हता. तिच्या जागी थेआनोनंही हेच विचारलं असतं.

बेटाचा रिवाज साधा होता. इथली माणसं समुद्रात जात आणि कित्येकदा त्यांचा देह परत येत नसे. तेव्हा बायकोनं किंवा मुलाबाळांपैकी कुणी किनाऱ्यावर उभं राहून आधी मोठ्यानं सांगायचं की हा कोण, कुणाचा, आणि शेवटी कुठल्या कामाला गेला होता. मग तीन हाका मारायच्या. उत्तर आलं नाही की तो मेला. मग रिकाम्या थडग्यावर दूध-मध ओतायचं, केस कापायचे, रडायचं, आणि वर्षभरानं गप्प व्हायचं. दालनातल्यांचा देह तर समोर होता, पण त्यांना कुणी हाक मारून पाहिलीच नव्हती. सुरुवातीला आशा होती, की ज्यानं दगड केलं तो परत येईल, किंवा एखादा देव. नंतर आशा नव्हती, पण सवय झाली होती. अकरा बायका महिन्याच्या पहिल्या दिवशी बादल्या घेऊन वर जात, एकमेकींना स्पंज देत, सुनांच्या कागाळ्या सांगत. हाक मात्र कुणी मारत नसे. दालनात बायका एकमेकींशीसुद्धा हळूच बोलत, चुकून कुणाचं नाव मोठ्यानं जाऊ नये म्हणून.

थेआनो हाक मारणार ही बातमी फुटली त्याच दुपारी पॉलिक्सो आली. ती सत्तरीची होती, काठी टेकत चढण उतरून आली होती, आणि दारातच बसली.

"आत या ना, मावशी."

"आत येऊन काय करू? भांडायला आलेय. भांडण दारातच बरं." तिनं श्वास घेतला. "तू म्हणे ओरडणार आहेस तिथं."

"ओरडणार नाही. हाका मारणार."

"एकच. तुझ्या घशातून निघणार ते ओरडणंच." पॉलिक्सोनं काठी आडवी ठेवली. "हे बघ बाई. तू मीकोनला हाक मारलीस, तो बोलला नाही, तर तुझा मेला. बरं. पण मग माझा काय झोपलाय? सगळ्यांना एकाच क्षणी झालं ना ते? तुझा मेला की आमचे दहाही मेले. एका हाकेत तू अकरा प्रेतं पाडणार."

"पोरीचं लग्न आहे, मावशी."

"लग्न दुसरीकडे कर. इथं बेटावर काय मुलं मेली?"

"सतरा वर्षांत एकानं तरी विचारलं का तिला? कुत्र्याची पोर म्हणतात."

पॉलिक्सोनं काठीवरची माती नखानं खरवडली. तिच्याही मुलाचं कडवं होतं. मग ती म्हणाली, "मी मेले की मग मार हाका. फार दिवस लावणार नाही मी." हे ती विनवणीसारखं म्हणाली नाही, बाजारात भाव उतरवून सांगावा तसं म्हणाली, आणि म्हणूनच थेआनोला ते सहन झालं नाही. तिनं अंजिरं आणून पुढे ठेवली. पॉलिक्सोनं दोन खाल्ली, दोन पदरात बांधली, आणि उत्तर न घेताच उठून गेली.

थेआनोला पॉलिक्सोचं म्हणणं पटत होतं. तेच दमवणारं होतं. तिला सगळ्यांचंच पटत होतं. सिफ्नोसच्या बाईचं पटत होतं, पॉलिक्सोचं पटत होतं, दनाईच्या मुलाचंसुद्धा पटत होतं, त्याला तरी दुसरं काय करता आलं असतं. अशी सगळ्यांना समजून घेत घेत ती इतकी पातळ झाली होती की आपल्या बाजूला काय आहे तेच तिला सापडेना. भीती कशाची आहे, ते मात्र माहीत होतं. हाकेची नव्हती. हाकेच्या आधी जे सांगायचं असतं, त्याची होती. शेवटी कुठल्या कामाला गेला होता. ते अँथीसमोर सांगायचं, की तुझे वडील कुत्रा नव्हते, आणि हे मला पहिल्या दिवसापासून माहीत होतं, आणि ज्या भांड्यानं ते सिद्ध झालं असतं ते मी स्वतः त्यांच्या हातातून काढून घेतलं आणि त्यात तुला अंघोळ घातली.

ठरलेल्या सकाळी दालनात तिला वाटलं त्याहून जास्त माणसं होती. गावचे वडीलधारे ल्यूकॉन आजोबा साक्षीला होते, मीकोनचा धाकटा भाऊ होता, अँथी होती. आणि दहाही बायका आल्या होत्या, आज बादल्या न घेता, आपापल्या माणसाशेजारी उभ्या. कुणी थेआनोकडे बघत नव्हतं. ल्यूकॉन आजोबांनी घसा साफ केला. "बोल, पोरी. कोण, कुणाचा, कुठल्या कामाला."

"हा मीकोन," ती म्हणाली. आवाज निघाला याचं तिलाच नवल वाटलं. "एर्गिनोसचा मुलगा. माझा नवरा. हा राजाच्या पंगतीला आलेला नव्हता. आमचं घंगाळ इथल्या स्वयंपाकघरात होतं, ते न्यायला आला होता. मी पाठवलं होतं. हातात घंगाळ होतं. तिसऱ्या दिवशी ते मी काढून नेलं. म्हणून हात असे दिसतात." ती थांबली. आणखी काहीतरी सांगायला हवं असं वाटलं, पण आणखी काही नव्हतं. सतरा वर्षं जे पोटात धरलं होतं ते एवढंच होतं, एका श्वासात संपलेलं. मागे कुणीतरी कुजबुजलं. ल्यूकॉन आजोबा मीकोनच्या हातांकडे बघत राहिले. मग त्यांनी स्वतःचे हात तसे पुढे धरले, जणू काही वजन तोलून बघतायत, आणि हळूच खाली घेतले. अँथीकडे बघायचं धाडस थेआनोला झालं नाही.

"मीकोन," तिनं हाक मारली. ती नेहमीची हाक झाली, अंगणातून आत मारावी तशी. दालनाला ती पुरली नाही. ती थांबली. कान इतके ताणले गेले की तिला बाहेरच्या उन्हाचाही आवाज आल्यासारखं झालं. तिला त्याचं उत्तर हवं होतं का? समजा आता तो वळला, चोवीस वर्षांचा, वहाणा नसलेला, आणि म्हणाला, काय गं, आलो ना. तो कुणाला शोधेल? तिच्या चेहऱ्यात कुणाला? तिला जाणवलं की ती प्रार्थना करतेय, आणि ती उत्तर येऊ नये म्हणून करतेय. "मीकोन!" दुसरी हाक मोठी गेली, छताला लागून परत आली. ती भिंतीला टेकली. तिसरी हाक निघेना. रडू नव्हतं ते. फार लांबून चालत आलेल्या माणसाला शेवटची पायरी दिसावी आणि पाऊलच उचलू नये, तसं काहीतरी होतं. ल्यूकॉन आजोबा वाट बघत होते. रिवाजात घाई नव्हती.

अँथी पुढे आली. ती आईच्या समोर उभी राहिली, आणि आता ती काय म्हणेल याची थेआनोनं वाट बघितली, कारण जे म्हणेल ते तिला मान्य होतं.

"मला त्यात बसवायचीस?" अँथीनं विचारलं. "घंगाळात?"

"हो. तुझे पाय बाहेर यायला लागले तरी."

अँथीनं मान हलवली. मग ती आजोबांकडे वळली. "तिसरी मी मारली तर चालेल?"

"तू त्याची मुलगी आहेस. चालेल."

ती मीकोनसमोर गेली. दोघं एकमेकांसमोर उभी राहिली तेव्हा ती त्याच्या खांद्याला लागत होती. तिनं तोंड उघडलं, मग मिटलं, आणि आईकडे वळून अगदी हळू म्हणाली, "काय म्हणून मारू?" थेआनोला पहिल्यांदा कळलंच नाही. मग कळलं. हिनं त्याला कधीच हाक मारली नव्हती. घरात "ते" असायचे. वर असायचे, ते. लोकांत ते कुत्रा असायचे. "तुला जे येईल ते," थेआनो म्हणाली.

"बाबा," अँथीनं हाक मारली.

आयुष्यात पहिल्यांदा तो शब्द तिच्या तोंडून निघाला, तरणा, नीट, थोडा उंच, कुठेही न अडखळता. दालनभर गेला, खांबांना लागला, सगळ्या दगडी चेहऱ्यांवरून फिरून आला, आणि कुणी ओ दिली नाही. ल्यूकॉन आजोबांनी रिवाजाप्रमाणे मनात दहा मोजले, थोडे जास्तच मोजले. "उत्तर नाही," ते म्हणाले. "मीकोन गेला." भाऊ रडायला लागला. त्याला रडायला इतकी वर्षं लागली होती की ते खोकल्यासारखं वाटत होतं. अँथी तिथेच उभी होती, हात खाली सोडून.

थेआनो भिंतीपासून सुटी झाली आणि वळली, तेव्हा तिला पॉलिक्सो दिसली. म्हातारी चवड्यांवर उभी राहून, काठी खाली टाकून, आपल्या मुलाच्या दोन्ही कानांवर तळवे घट्ट दाबून धरत होती. कोपरं खाली घसरत होती, ती पुन्हा वर उचलत होती. पहिल्या हाकेपासून ती तशीच उभी असणार. बाकीच्या बायका तिच्याकडे बघत होत्या, आणि त्यांतल्या दोघीतिघींचे हातही आपापल्या माणसाच्या कानांशी जाऊन अर्ध्यावर थांबले होते. थेआनो तिच्याजवळ गेली. तिच्या कोपराला हात लावला.

"झालं, मावशी. आता काढा हात."

"थांब गं," पॉलिक्सो म्हणाली. तिनं मान वाकडी करून छताकडे कान दिला होता. "अजून घुमतंय."

काही घुमत नव्हतं. थेआनोनं तिच्या दोन्ही कोपरांखाली आपले हात धरले, वजन आपल्यावर घेतलं, आणि उभी राहिली.